‘पीली बत्ती’मधला दुसरा आवाज

आमच्या अक्काच्या आयुष्यात सांगण्यासारखी गोष्ट एकच घडली, आणि तीही कुणी धड ऐकली नाही. मी तिची धाकटी बहीण, उषा. माझी जीभ तिखट आहे असं आमच्या घरात सर्वांचं एकमत आहे, आणि ते चूक नाही. तेव्हा पुढे जे लिहिते आहे त्याने कुणाला मिरच्या झोंबल्या तर माझा इलाज नाही.

अक्का म्हणजे सीमंतिनी पोतनीस. आमचं घर ग्वाल्हेरच्या लष्कर भागात, नई सडकेच्या मागे. पणजोबा दरबारच्या दफ्तरात होते. दरबार गेला, दफ्तर गेलं, पण पीळ आमच्या वडिलांपर्यंत, म्हणजे नानांपर्यंत, शाबूत उतरला. नाना स्वतः गात नसत. मात्र त्यांना गाणं कळतं अशी त्यांची ख्याती होती, आणि ग्वाल्हेरात ही ख्याती गाण्यापेक्षा पुष्कळ स्वस्तात मिळते. घरात ख्याल, टप्पा आणि भजन. बाकी सगळ्याला एकच शब्द, धिंगाणा. अक्का लहानपणापासून गुरुजींकडे शिकली आणि चांगली तयार झाली.

त्र्याऐंशी साली ती मामांकडे दादरला लग्नाला गेली होती. मामांचे शेजारी एका स्टुडिओत व्हायोलिन वाजवत. तिथे एका हिंदी पॉप अल्बमचं रेकॉर्डिंग चाललं होतं. मुख्य गायिकेच्या मागे दुसरा सूर धरणारी बाई आजारी पडली, तर शेजाऱ्यांनी अक्काला टॅक्सीत घालून नेलं. अल्बमचं नाव ‘पीली बत्ती’. त्यातलं शेवटचं गाणं ‘लौटते हुए’. त्यात अक्का मागच्या सुरात गायली. आणि गाणं संपताना वाद्यं एकेक करून थांबतात, शेवटी एक लहानसा आलाप एकटा उरतो, तो संपूर्ण तिचा. संगीतकार म्हणाले होते, “बेटी, जो मन में आए, गा दो.” तिच्या मनात जे आलं ते तिने गायलं. शेवटी ती निषादावर रेंगाळते आणि षड्जावर, म्हणजे ‘सा’वर, येतच नाही, सूर तसाच सोडून देते. गुरुजींनी ऐकलं असतं तर हजेरी घेतली असती. मला तो आलाप तोंडपाठ आहे.

नानांना हे कळलं तेव्हा त्यांनी दादरला ट्रंक कॉल लावला. काय वाट्टेल ते करा, पण रेकॉर्डवर पोतनिसांचं नाव येता कामा नये. मामांनी निरोप पोचवला, कंपनीने तो पाळला. कव्हरच्या मागे व्हायोलिनवाल्यांची नावं आहेत, ढोलकीवाल्याचं आहे, अक्काचं नाही. अल्बम आपटला. पहिल्या छपाईच्या जेवढ्या तबकड्या निघाल्या तेवढ्याच, पुढे कॅसेटसुद्धा आली नाही. एक तबकडी अक्काने ट्रंकेच्या तळाशी साड्यांखाली घालून घरी आणली.

पुढचं आयुष्य चारचौघींसारखं, किंबहुना थोडं कमीच. लग्न जमता जमता राहिलं. मुलींच्या शाळेत ती संगीत शिकवू लागली, म्हणजे प्रार्थना आणि पंधरा ऑगस्ट. राहायला भावाच्या संसारात. नाना गेल्यावर तबकडी ट्रंकेतून वर आली. पाहुणे आले की दादा कौतुकाने सांगायचा, “आमची अक्का रिकॉर्डवर आहे बरं का!” मग ती लागायची. पाहुणे चहा पीत ऐकायचे आणि शेवटी “वा” म्हणायचे. पुढे पुढे सुधावहिनी स्वयंपाकघरातूनच म्हणू लागल्या, “लागली वाटतं पुन्हा.” जगात कुठेतरी आपला आवाज छापलेला आहे, हे अक्काला पुरत होतं. मला विचाराल तर तिच्या जमेला तेवढं एकच होतं.

दादाचा मुलगा विहंग. वहिनी नोकरीला जात, त्यामुळे तो अक्काच्या मांडीवर वाढला. ‘लौटते हुए’ ऐकल्याशिवाय दूध पीत नसे. आता तो घरूनच कुठल्याशा बंगळुरूच्या कंपनीचं काम करतो आणि उरलेल्या वेळात आवाजाचं वेड पुरवतो. खोलीत हेडफोन, डबे, तारा. दोन तारांमधला फरकसुद्धा आपल्याला ऐकू येतो असं तो म्हणतो. आम्ही मान डोलावतो.

गेल्या वर्षी कुणीतरी ‘पीली बत्ती’मधल्या एका गाण्यावर रील केला, आणि चाळीस वर्षं मेलेला अल्बम एकदम जिवंत झाला. तरुण पोरं त्यावर नाचू लागली. कंपनीने जुन्या टेपा काढून नवी डिजिटल आवृत्ती केली. विहंग धावतच अक्काकडे आला.

“आत्या, तेरा अल्बम आ गया! हाय-रेज़मध्ये! चोवीस बिट, शहाण्णव किलोहर्ट्‌झ. स्टुडिओत जसं वाजलं ना, एकदम तसंच. तू बस, मी लावतो.”

तिच्या डोक्यावर त्याने हेडफोन चढवला आणि शेवटचं गाणं लावलं. अक्काने डोळे मिटून पूर्ण ऐकलं. मग हेडफोन काढून त्याच्या हातात दिला आणि म्हणाली, “बरं आहे. पण तबकडी चांगली.”

दुसऱ्या दिवशी भर उन्हात ती टेम्पो धरून किला गेटला माझ्याकडे आली. पाणीसुद्धा न पिता म्हणाली, “उषा, मी त्यात नाही.”

मला आधी कळेचना. तिने सांगितलं. दुसरा सूर आहे, पण तो त्या गायिकेचाच, पुन्हा गाऊन वर चढवलेला. आलापही तिचाच. छान, गोल, आणि शेवटी व्यवस्थित षड्जावर आणून ठेवलेला. मी फोनवर लावून पाहिलं. खरंच होतं. अक्काला का काढलं देव जाणे. द्वेषही नसेल. टेपेवर नाव नाही, माणूस कोण ते माहीत नाही, टेप खराब झाली असेल, गायिका आता मोठी झाली आहे, तिला वाटलं असेल की सगळं आपल्याच आवाजात असावं. कुणाचं तरी नाव असतं तर कुणी फोन तरी केला असता.

मी म्हटलं, “विहंगला सांग.”

“मी का सांगू?” अक्का म्हणाली. “त्याला ऐकू येईल की. माझ्याच मांडीवर ऐकलंय त्याने. तारेतला फरक कळतो म्हणतो, आत्या आहे की नाही एवढं कळणार नाही?”

एवढीच तिची अट होती, आणि त्या अटीवर तिने सगळं लावलं. आपण नाही आहोत हे पोराने स्वतः ओळखावं.

मग त्या घरात रोज वाद सुरू झाला. जेवताना, भाजी निवडताना, कूलरमध्ये पाणी भरताना. विहंग समजावून सांगे, “आत्या, तबकडीची एक बाजू संपायला येते ना, तर सुई आतल्या छोट्या गोलावर फिरते. तेवढ्याच वेळाला खाच कमी लांबीची मिळते. म्हणून शेवटचं गाणं हमेशा थोडं फाटतं. तुझं गाणं तर बिलकुल शेवटी आहे. वर धूळ, वर टिक-टिक. हाय-रेज़मध्ये ये सब है ही नहीं.” अक्का म्हणे, म्हणूनच तर हळू गाणी शेवटी घालायचे, आतल्या गोलाला झेपतील अशी. पाच गाणी एका बाजूला, पाच दुसऱ्या. मधे उठून तबकडी उलटायची, तेवढ्यात पहिल्या बाजूचा विचार करायचा, असा तो अल्बम मांडलेला होता. तुझ्या फोनवर पोरं एक गाणं ऐकून पळतात. आणि दुसरं, नव्या आवृत्तीत सगळंच मोठ्याने आहे. कुजबूज आणि हाक एकाच उंचीला आणून ठेवली आहे. हळू म्हणायचं ते हळू राहिलेलंच नाही.

हे शेवटचं विहंगनेही कबूल केलं. “हां, मास्टरिंग थोडी लाउड है,” म्हणाला. पॉप अल्बमांचं हल्ली असंच करतात म्हणे, फोनवर उठून दिसावं म्हणून. पण साफपणा बघ ना, साफपणा! अक्का म्हणायची, “दोन्ही एकामागोमाग एक लावून बघ. मग बोल.” प्रत्येक वादाच्या शेवटी हेच. दोन्ही लावून बघ. मी शेजारी बसून दात आवळून घ्यायची. तिने मला शपथ घातली होती.

अखेर विहंगला ही कल्पना पटली, आणि नको तितकी पटली. रविवारी संध्याकाळी मित्रांना बोलवायचं, पडद्याआड एकदा तबकडी, एकदा डिजिटल वाजवायचं, आणि कोणतं कुठलं ते ओळखायला लावायचं. ग्रामोफोनची सुई झिजली होती, म्हणून अन्याय नको म्हणत त्याने दिल्लीहून नवी मागवली. तोपर्यंत तबकडीला हात लावायचा नाही, असं ठरलं. अक्का त्या आठवड्यात चक्क गुणगुणत होती. आता सगळ्यांसमोर, एकामागोमाग एक, ओळीने. आता कळल्याशिवाय राहणार नाही.

मधे आल्या सुधावहिनी. आणि मधे आला वैशाख.

आमच्या घरांतून एक रीत आहे, दक्षिणेतून येताना बरोबर आणलेली. वैशाखात घरातल्या सगळ्या साठवणीला ऊन दाखवायचं. गाद्या, गहू, डाळी, लोकरीचे कपडे, नानांच्या पोथ्या, सगळं गच्चीवर. वर्षभराची कीड आणि ओल मरते. वहिनी या बाबतीत फार नेटक्या. पाहुणे येणार म्हणून त्यांनी दिवाणखाना आवरायला घेतला, तर तबकडीच्या कव्हरला कुबट वास येत होता आणि कडेला बुरशीचे ठिपके होते. रविवारी सकाळी त्यांनी कव्हर बाजूला काढलं, तबकडी मऊ फडक्याने पुसली आणि कुरडयांच्या शेजारी, जुन्या लुगड्यावर, उन्हात मांडली. वाऱ्याने उडू नये म्हणून कडेला वाटी ठेवली.

ग्वाल्हेरचं मे महिन्यातलं ऊन ज्याने पाहिलं आहे त्याला पुढचं सांगायला नको. दुपारी अक्का गच्चीवर गेली तेव्हा तबकडीचा द्रोण झाला होता.

वहिनी रडल्या. खरंच रडल्या. “वन्सं, मला काय माहीत! मी तर जपायलाच गेले होते.” त्यांनी दुष्टपणाने केलं असतं तर मला भांडता तरी आलं असतं. मी तरी भांडलेच. बाई, चाळीस वर्षं त्या घरात राहता, पापड आणि तबकडी यातला फरक कळत नाही? दादा वर्तमानपत्रामागून म्हणाला, “उषा, आता झालं ते झालं.” या दादाने आयुष्यात दुसरं वाक्य शिकून घेतलेलं नाही.

अक्काने दोन काचांमध्ये तबकडी दाबून पाहिली, वर पाटा ठेवला. सुई ठेवली की ती उडी मारून बाहेर यायची. एक अक्षरसुद्धा वाजेना. विहंगने तिच्या खांद्याभोवती हात टाकला. “आत्या, टेंशन मत ले. हाय-रेज़ आहे ना आपल्याकडे. आणि कंपनी ना, याची नवी तबकडी पण छापणार आहे. मी पहिली तुला घेऊन देईन.”

“ती कशावरून छापणार?” अक्काने विचारलं.

“याच डिजिटलवरून. आजकल सब वैसे ही बनता है.”

म्हणजे तबकडी घ्या की फाइल घ्या, अक्का कशातच नव्हती. इतके दिवस ती दोघं ज्यावर भांडत होती तो प्रश्नच खोटा होता, हे घरात आम्हा दोघींनाच ठाऊक होतं. मी तिला आत नेलं आणि म्हटलं, शपथ गेली खड्ड्यात, आता मी सांगते. ती म्हणाली, “थांब. आज लावणारच आहे तो. आज तरी ऐकेल.”

संध्याकाळी मंडळी आली. विहंगचा मित्र हेमेंद्र, ज्याचं पडावला स्पीकर-ॲम्प्लिफायरचं दुकान आहे. दुकानात त्याच्याबरोबर काम करणारी शिखा. आणखी चार-पाच जण. वहिनींनी पन्हं केलं होतं. तबकडी नाही म्हणून पडदाही नाही. विहंगने उभं राहून प्रस्तावना केली, आणि मला कबूल केलं पाहिजे, पोराने ती प्रेमाने केली. आज तुलना होऊ शकत नाही, पण त्याहून मोठी गोष्ट होणार आहे. “इस अल्बम में जो आखिरी आलाप है ना, वो मेरी बुआ का है. ये बैठी हैं. कवर पर इनका नाम नहीं है. पर आवाज़ है.”

सगळे वळून अक्काकडे बघू लागले. तिने पदर सारखा केला. गाणं लागलं. हेमेंद्रचे स्पीकर होते, आवाज खरोखर समोर बसल्यासारखा. वाद्यं एकेक करून थांबली. आलाप सुरू झाला. विहंगने बोट वर करून सर्वांना खूण केली, ऐका. अक्का त्याच्याकडे बघत होती. सबंध आलापभर ती फक्त त्याच्या तोंडाकडे बघत होती. सूर षड्जावर येऊन थांबला, आणि विहंगच्या डोळ्यांत पाणी आलं.

“आत्या,” तो म्हणाला, “इतने साल सुना, पण तुझा आवाज इतका साफ मी आज पहिल्यांदा ऐकला.”

टाळ्या पडल्या. शिखाने येऊन अक्काचे पाय धरले. मी उठणार तोच अक्काने माझा हात दाबला आणि स्वतःच बोलली. हिंदीत बोलली, सर्वांना कळावं म्हणून.

“ये मैं नहीं हूँ, बेटा. रिकॉर्ड में मैं थी. इसमें मुझे निकाल दिया है.”

मग हेमेंद्र मोठ्या आदराने हसला. “अरे बुआजी, सबको ऐसा ही लगता है. अपनी आवाज़ किसी को अपनी नहीं लगती. और इतनी क्लीन तो आपने कभी सुनी भी नहीं होगी.” विहंग तिच्यासमोर गुडघ्यावर बसला. “आत्या, तबकडीवर ते फाटायचं ना, म्हणून तुला वेगळं वाटतंय. हे ओरिजिनल टेपवरून आहे. तूच आहेस.”

मी ओरडले, “अरे मूर्खा, ती सांगते आहे ना! शेवटचा सूर ऐक, ती सा लावतच नव्हती!” पण माझ्या ओरडण्याची त्या घराला सवय आहे. वहिनी म्हणाल्या, “उषावन्सं, पाहुण्यांसमोर नको.”

तेव्हा अक्काने आपली मांडी सावरली, डोळे मिटले आणि गायला सुरुवात केली. पासष्टीच्या घरातला आवाज, वर जरा कापणारा, पण वळण तेच. प्रत्येक जागा तिने घेतली. निषादावर आली, रेंगाळली, आणि सूर तसाच सोडून दिला. तबकडीत होता तोच आलाप होता, जगात आता एवढाच उरलेला.

शिखाने हळूच टाळी वाजवली, मग बाकीच्यांनी. वहिनी माझ्या कानाशी म्हणाल्या, “शेवटी दम पुरला नाही बिचाऱ्यांना.”

“इस उमर में भी, वाह,” हेमेंद्र म्हणाला. आणि विहंगने, माझ्या त्या लाडक्या भाच्याने, डोळे पुसत पुन्हा फोन उचलला. “अब सुनिए,” तो पाहुण्यांना म्हणाला, “तब क्या आवाज़ थी इनकी.”

त्याने तेच पुन्हा लावलं. लोक एकदा स्पीकरकडे, एकदा अक्काकडे बघत होते. वय काय करतं माणसाचं, अशा नजरेने. अक्काने सगळा आलाप शेवटच्या सुरापर्यंत नीट ऐकून घेतला.

“छान गायली आहे ती,” ती म्हणाली.

विहंगने पाहुण्यांना त्याचं हिंदी करून सांगितलं, आणि सगळे प्रेमाने हसले.